अडलेले बिल आणि टळलेली मुदत : बांधकाम करारातील वाद कसा हाताळावा

गोकुळ शिरगावच्या औद्योगिक वसाहतीतील शेड असो, राजारामपुरीतले दुमजली घर असो किंवा एखाद्या ग्रामपंचायतीची इमारत असो, बांधकामातल्या पैशाच्या भांडणाचा साचा बहुधा एकच असतो. मालक म्हणतो की काम लांबले म्हणून बिल रोखले; ठेकेदार म्हणतो की बिल रोखले म्हणून काम लांबले. दोघांच्याही म्हणण्यात थोडे तथ्य असते, आणि म्हणूनच हा वाद तोंडी वर्षभर चालला तरी मिटत नाही. तो लवादापुढे, म्हणजे करारानुसार नेमलेल्या खासगी निवाडा करणाऱ्यापुढे, किंवा न्यायालयापुढे गेला की मात्र विचारले जाते ते एवढेच, की आधी काय घडले. नकाशा कोणत्या तारखेला हाती आला, बिल कधी दिले, ते कधी देय झाले, साइटवरची माणसे कधी कमी झाली. विलंब आणि थकबाकी यांचा हिशेब एकाच तारीखवार यादीत मांडता आला, तरच दावा उभा राहतो. पुढील मार्गदर्शन प्रामुख्याने लहान आणि मध्यम ठेकेदारांसाठी लिहिले आहे. मात्र मालकाचा दंडाचा हक्कही याच कागदांवर टिकतो किंवा बुडतो, त्यामुळे मालकांनीही ते वाचण्यास हरकत नाही.

करारात आधी काय पाहावे

काम सुरू होण्यापूर्वी, आणि ते राहून गेले असेल तर वादाची चाहूल लागताच, करारातील मोजक्या बाबी शोधून एका कागदावर उतरवून घ्याव्यात. काम पूर्ण करण्याची तारीख कोणती आणि ती कोणत्या घटनेपासून मोजायची, मुदतवाढ कोणी आणि किती दिवसांत मागायची, उशिराचा दंड किती व त्याची कमाल मर्यादा किती, बिल दिल्यापासून किती दिवसांत पैसे द्यायचे, रिटेन्शन, म्हणजे दोष निवारणाच्या हमीसाठी बिलातून राखून ठेवलेली रक्कम, किती टक्के आणि ते केव्हा परत मिळायचे, जादा कामाचा आदेश कोणाच्या सहीने वैध ठरतो, आणि वाद झाल्यास लवाद आहे की न्यायालय. यापैकी शेवटची बाब लोक सर्वांत कमी वाचतात आणि पुढे तीच सर्वांत महाग पडते.

आपल्याकडे कित्येक कामे रीतसर कराराविना, केवळ कोटेशन आणि वर्क ऑर्डरवर चालतात. घरकामात तर तेवढेही नसते. म्हणून हक्क नाही असे होत नाही. कोटेशन, त्यावरचा व्हॉट्सॲपवरील होकार, आगाऊ रकमेची बँकेतील नोंद आणि प्रत्यक्ष झालेले काम यांतूनही करार सिद्ध करता येतो. भारतीय करार कायदा, १८७२ च्या कलम ४६ नुसार मुदत ठरलेली नसेल तर काम वाजवी काळात करायचे असते, आणि कलम ७० नुसार फुकट करण्याचा हेतू नसताना केलेल्या कामाचा लाभ समोरच्याने घेतला असेल तर त्याला त्याचा मोबदला द्यावा लागतो. स्टॅम्पपेपर कमी रकमेचा लागला आहे म्हणून लवादाचे कलमच रद्द आहे, असे सांगून घाबरवणारेही भेटतात. सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींच्या पीठाने डिसेंबर २०२३ मध्ये स्पष्ट केले आहे की मुद्रांकातील उणिवेमुळे करार निरर्थक ठरत नाही. शुल्क आणि दंड भरून ती उणीव दूर करता येते.

करारात ‘मुदत हा कराराचा गाभा आहे’ असे वाक्य असले म्हणजे मालकाची बाजू भक्कम झाली, हा समजही तपासून घ्यावा. ‘हिंद कन्स्ट्रक्शन कॉन्ट्रॅक्टर्स विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ या १९७९ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की ज्या करारात मुदतवाढीची आणि उशिरासाठी दंडाची तरतूद आहे, त्यात मुदतीला गाभा म्हणणारे वाक्य बरेच निष्प्रभ होते. मुदत वाढवता येते असे दोघांनी आधीच मान्य केलेले असते, हे त्यामागचे साधे कारण.

विलंबाची नोंद ज्या दिवशीची त्या दिवशी

साइटवर एक अडथळा नोंदवही ठेवावी. तिच्यात तारीख, अडलेले काम, अडथळ्याचे कारण, त्या दिवशी हजर असलेले मजूर व यंत्रे, आणि अडथळा दूर झाल्याची तारीख एवढेच लिहायचे असते. मालकाचा सुपरवायझर किंवा आर्किटेक्टचा माणूस आठवड्याला एकदा सही करीत असेल तर उत्तम. तो सही करण्यास नकार देत असेल तर त्या पानाचा फोटो त्याच दिवशी ई-मेलने पाठवून द्यावा. वाद उद्भवल्यावर एका बैठकीत, एकाच पेनाने लिहून काढलेली नोंदवही अनुभवी लवादाला पान उलटताच ओळखू येते, हे लक्षात असू द्यावे.

विलंबाची कारणे तीन प्रकारांत वेगळी करावीत. मालकामुळे झालेला विलंब, म्हणजे जागा ताब्यात न देणे, नकाशे उशिरा देणे, वीज-पाणी न पुरवणे, बिल थकवणे किंवा मध्येच काम वाढवणे. यात मुदतवाढही मिळू शकते आणि नुकसानभरपाईही मागता येते. ठेकेदाराचा स्वतःचा विलंब, म्हणजे मजूर गावी जाणे, फॅब्रिकेशनवाल्याने दगा देणे, सेंट्रिंगचे साहित्य दुसऱ्या साइटवर अडकणे. याचा भार ठेकेदारावरच असतो. तिसरा प्रकार दोघांच्याही हाताबाहेरचा, आणि त्यात सहसा मुदतवाढ मिळते, पैसे मिळत नाहीत.

या तिसऱ्या प्रकारात कोल्हापूरकरांचा नेहमीचा मुद्दा पावसाचा. येथे जुलैमध्ये पाऊस पडतो हे दोन्ही पक्षांना करार करतानाच माहीत असते, त्यामुळे ‘पावसामुळे काम थांबले’ एवढ्याने भागत नाही. नेहमीचा पावसाळा ठेकेदाराने वेळापत्रकात धरलेलाच असायला हवा. महापुराची गोष्ट वेगळी. राजाराम बंधाऱ्यावर पंचगंगेची इशारा पातळी ३९ फूट आणि धोका पातळी ४३ फूट आहे, आणि पावसाळ्यात जिल्हा प्रशासन रोजची पातळी जाहीर करते. त्या जाहीर आकड्यांची प्रत फाईलला लावली की दैनंदिन नोंदीला बाहेरचा आधार मिळतो. साइट उंचावर होती, पाणी आलेच नाही, असा प्रतिवाद होऊ शकतो. ऑगस्ट २०१९ आणि जुलै २०२१ या दोन्ही पुरांत पुणे–बेंगळुरू महामार्ग शिरोलीजवळ बंद पडला होता. ज्याचे लोखंड किंवा पत्रा पुण्याहून येणार होता, त्याची कोरडी साइटही त्या दिवसांत थांबली असणार. मात्र ते सिद्ध करण्यासाठी मालाची ऑर्डर, ट्रान्सपोर्टची पावती आणि माल उतरल्याची तारीख हवी.

नोंदवही हा पुरावा आहे. पत्र ही मागणी आहे. अडथळा आठवड्याहून अधिक टिकला की पत्र द्यावे. त्याचा नमुना असा ठेवता येईल :

‘दि. … च्या कार्यादेशानुसार पायाचे सुधारित नकाशे दि. … पर्यंत मिळणे आवश्यक होते. ते आम्हास दि. … रोजी मिळाले. त्यामुळे २८ दिवस पायाचे काम करता आले नाही व या काळात साइटवर … मजूर आणि … यंत्रे बिनकामाची राहिली. तरी कामाची मुदत २८ दिवसांनी वाढवून मिळावी. या विलंबामुळे झालेल्या नुकसानीची भरपाई मागण्याचा आमचा हक्क आम्ही राखून ठेवीत आहोत.’

यातले शेवटचे वाक्य शोभेचे नाही. करार कायद्याच्या कलम ५५ नुसार, ठरल्या वेळी न झालेली पूर्तता नंतर स्वीकारताना जो पक्ष भरपाई मागण्याचा इरादा कळवीत नाही, त्याला ती मागता येत नाही. हा नियम दोन्हीकडे चालतो. मालकाने काहीही न लिहिता मुदतवाढ दिली आणि शेवटच्या बिलातून दंड कापला, तर हेच कलम त्याच्यावर उलटू शकते. म्हणून मालकानेही मुदतवाढीच्या पत्रात ‘दंडाचा हक्क राखून’ असे लिहावे. माझ्या सुरुवातीच्या वर्षांत एका शेडच्या कामाला मुदतवाढ मिळाली, या आनंदात मी हे वाक्य लिहिले नाही. पुढे पाच महिन्यांचे सेंट्रिंगचे भाडे मागायला गेलो, तेव्हा माझ्याच सहीचे ते पत्र माझ्यापुढे ठेवण्यात आले.

बिल देण्याची रीत

बिल अडण्याची निम्मी कारणे बिलातच असतात. मोजमाप संयुक्त घ्यावे, मोजमापाच्या तक्त्यावर दोघांच्या सह्या घ्याव्यात, आणि जे पुढे झाकले जाणार आहे, म्हणजे पाया, लोखंड, काँक्रीटखालचा भराव, त्याचे मोजमाप झाकण्यापूर्वीच व्हावे. सरकारी कामात मोजमाप पुस्तकात ठेकेदाराची सही घेतली जाते. आकडे पटत नसतील तर सही नाकारून घरी जाण्यापेक्षा ‘हरकतीसह’ असे लिहून सही करावी आणि हरकतीचे पत्र दुसऱ्या दिवशी द्यावे.

प्रत्येक रनिंग बिलाची, म्हणजे काम चालू असताना टप्प्याने दिलेल्या बिलाची, पोच हवी. आर्किटेक्टच्या टेबलावर ठेवलेल्या बिलाला तारीख नसते, आणि तारीख नसली की ते देय केव्हा झाले हे ठरत नाही. वादग्रस्त बाबी बिनवादाच्या बाबींत मिसळू नयेत. साडेतीन लाखांच्या जादा कामावरून मतभेद असताना तेच आकडे अकरा लाखांच्या बिलात घातले, तर अख्खे बिल अडवायला मालकाला सबब मिळते. जादा कामासाठी तोंडी आदेश मिळाला तर त्याच संध्याकाळी ‘आज आपण साइटवर सांगितल्याप्रमाणे पोटमाळ्याचे काम उद्यापासून सुरू करीत आहोत, दर अमुक’ असा संदेश पाठवावा. मालक त्यावर गप्प राहिला तरी पुढे त्या गप्प राहण्याला अर्थ येतो.

बिल देय तारखेनंतर थकले की व्याजाची लेखी मागणी लगेच करावी. करारात व्याजाचा उल्लेख नसला तरी इंटरेस्ट ॲक्ट, १९७८ च्या कलम ३ नुसार लेखी नोटिशीने व्याज मागितले असेल तर त्या नोटिशीच्या तारखेपासून ते मंजूर होऊ शकते. ठेकेदार संकोचापोटी ही मागणी वर्षभर पुढे ढकलतात आणि तेवढे व्याज सोडून देतात. बिलावर टीडीएस कापून सरकारजमा झाल्याची नोंद आयकर खात्याच्या करनोंदीच्या विवरणात दिसत असेल तर तिचीही प्रत ठेवावी. ज्याने बिल मुळीच मान्य नव्हते असे म्हणायचे, त्याने त्याच बिलावर कर का कापला, हा प्रश्न विचारता येतो.

शेवटचे बिल देताना ‘आमचे काही येणे नाही’ असे पत्र लिहून मागण्याची प्रथा सर्वत्र आहे. सर्वोच्च न्यायालयाने ‘नॅशनल इन्शुरन्स विरुद्ध बोघारा पॉलिफॅब’ या २००८ च्या निकालात सांगितले आहे की असे पत्र दबावाखाली घेतले गेले असेल तर त्याने वाद संपत नाही. मात्र दबाव होता हे सिद्ध करण्याची जबाबदारी सही करणाऱ्याची असते. बँकेचे हप्ते थकलेला ठेकेदार शेवटी सही करतोच. त्याने निदान त्याच दिवशी, दुसऱ्या दिवशी नव्हे, ई-मेलने कळवावे की सहीशिवाय चेक देणार नाही असे सांगितल्यामुळे सही करावी लागली आणि अमुक रकमेवरचा हक्क सोडलेला नाही.

एक हिशेब

हे सर्व आकड्यांत कसे उतरते ते एका काल्पनिक उदाहरणावरून पाहू. शेडचे काम १ कोटी २० लाखांचे, मुदत ३० सप्टेंबरपर्यंत. उशिरासाठी दर पूर्ण आठवड्याला अर्धा टक्का, कमाल पाच टक्के. काम २४ डिसेंबरला, म्हणजे ८५ दिवस उशिरा पूर्ण झाले. शेवटचे बिल ११ लाख, रिटेन्शन ६ लाख आणि जादा काम ३ लाख ४० हजार, असे एकूण २० लाख ४० हजार येणे आहे. मालक म्हणतो, बारा आठवडे उशीर, सहा टक्के होतात, कमाल पाच धरून सहा लाख दंड, आणि बाकीचे नंतर बघू.

येथे पहिले पत्र दंडाविषयी नसावे. ते असे विचारणारे असावे की दंड सहा लाख धरला तरी उरलेले १४ लाख ४० हजार कोणत्या कलमाखाली अडवले आहेत. बहुतेक वेळा या प्रश्नाला उत्तर नसते, आणि वाद एकदम लहान होतो.

मग ८५ दिवसांचा हिशेब करावा. नकाशे उशिरा आल्याने २८ दिवस गेले. तिसरे रनिंग बिल ४० दिवस थकले. पण थकलेले ४० दिवस म्हणजे काम ४० दिवस थांबले असे नव्हे, हजेरीवरून प्रत्यक्ष काम १८ दिवसांनी मागे पडल्याचे दिसते, म्हणून १८ च धरावेत. पोटमाळ्याच्या जादा कामाला १५ दिवस. हे झाले ६१. उरलेले २४ दिवस फॅब्रिकेशनच्या उशिराचे, आणि ते ठेकेदाराने स्वतःहून मान्य करावेत. चोवीस दिवसांत पूर्ण आठवडे तीन, दंड दीड टक्का, रक्कम १ लाख ८० हजार. मागणी १८ लाख ६० हजारांची ठेवावी. स्वतःचे २४ दिवस कबूल करणाऱ्या माणसाच्या उरलेल्या ६१ दिवसांवर लवादाचा विश्वास बसतो. ८५ च्या ८५ दिवस मालकाच्या माथी मारणाऱ्याचे खरे दिवसही संशयात जातात. एकाच तारखेला दोन कारणे आली असतील, म्हणजे नकाशाही नव्हता आणि मजूरही नव्हते, तर ते दिवस दोनदा मोजू नयेत, आणि त्या दिवसांसाठी मुदतवाढ मागावी, भरपाई नव्हे.

दंडाच्या रकमेबाबतही कायदा मालकाला कोरा चेक देत नाही. करार कायद्याच्या कलम ७४ नुसार करारात लिहिलेली रक्कम ही कमाल मर्यादा असते आणि त्याखाली वाजवी भरपाईच मिळते. ‘कैलाश नाथ असोसिएट्स’ या २०१५ च्या निकालात नुकसान किंवा तोटा ही त्यासाठीची अट असल्याचे सांगितले आहे. ‘ओएनजीसी विरुद्ध सॉ पाइप्स’ या २००३ च्या निकालानुसार नुकसान मोजणे अवघड असेल आणि रक्कम आधीच प्रामाणिकपणे अंदाजलेली असेल तर प्रत्यक्ष पुराव्याविनाही ती मिळू शकते. त्यामुळे मालकाने शेड न मिळाल्याने भाड्याच्या जागेवर किती खर्च झाला याचे कागद जपावेत. विलंबाला जबाबदार कोण, हे मात्र एका पक्षाने स्वतःच ठरवायचे नसते, ‘जे. जी. इंजिनिअर्स’ या २०११ च्या निकालात हे निःसंदिग्धपणे म्हटले आहे.

ठेकेदाराला स्वतःच्या नुकसानीची भरपाई मागायची असेल तर तिचा पुरावाही तितकाच नेमका हवा. लांबलेल्या काळातील ऑफिस खर्च आणि बुडालेला नफा काढण्यासाठी हडसन सूत्र वापरतात, पण ‘बाटलीबॉय एन्व्हायर्नमेंटल विरुद्ध एचपीसीएल’ या २०२३ च्या निकालानंतर सूत्रात आकडे घालून रक्कम काढणे पुरेसे राहिलेले नाही. सेंट्रिंगच्या भाड्याची बिले, वॉचमनचा पगार, यंत्राच्या भाड्याच्या पावत्या यांतून निघणारी लहान रक्कम सूत्रातून निघणाऱ्या मोठ्या रकमेपेक्षा हाती लागण्याची शक्यता जास्त असते.

काम थांबवावे का

बिल थकले की माणसे काढून घेणे हा सर्वांत स्वाभाविक आणि सर्वांत धोक्याचा उपाय आहे. करारात काम थांबवण्याचा हक्क स्पष्ट लिहिला नसेल, तर मालक ठेकेदाराने काम सोडले असे म्हणून करार रद्द करतो, दुसऱ्याकडून काम करून घेतो आणि वाढीव खर्च पहिल्याच्या नावे टाकतो. त्याऐवजी आधी पत्र द्यावे, त्यात थकीत रक्कम, देय तारीख आणि सात किंवा पंधरा दिवसांची मुदत लिहावी, आणि त्यानंतर पैशाअभावी कामाचा वेग कमी होईल व तेवढी मुदतवाढ लागेल असे कळवावे. साइट सोडण्याची वेळ आलीच तर पंचांसमक्ष झालेल्या कामाचे मोजमाप, शिल्लक साहित्याची यादी आणि तारखेसह फोटो घेतल्याशिवाय तेथून निघू नये.

कोणत्या दारात जावे

करारात लवादाचे कलम असेल तर आधी लवादाची नोटीस. आर्बिट्रेशन ॲण्ड कन्सिलिएशन ॲक्ट, १९९६ च्या कलम २१ नुसार ती समोरच्याला मिळते त्या दिवशी कार्यवाही सुरू झाली असे धरतात. आपल्याकडच्या करारांत ‘आर्किटेक्टचा निर्णय अंतिम राहील व तेच लवाद असतील’ असे वाक्य सर्रास आढळते. मालकाने नेमलेला आणि मालकाकडून फी घेणारा सल्लागार २०१५ च्या दुरुस्तीनंतर, कलम १२(५) व सातव्या अनुसूचीनुसार, लवाद होण्यास अपात्र आहे. वाद उद्भवल्यानंतर दोन्ही पक्षांनी लेखी संमती दिली तरच अपवाद होतो. त्यामुळे नोटिशीत तटस्थ लवादाचे नाव सुचवावे, आणि तीस दिवसांत एकमत न झाल्यास कलम ११ खाली उच्च न्यायालयात अर्ज करावा. मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ पासून सुरू झाले असून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याकडे आहेत.

लवादाचा खर्च आधी मोजावा. कायद्याच्या चौथ्या अनुसूचीतील नमुना तक्त्यानुसार २० लाख ४० हजारांच्या दाव्यावर फी ९८ हजार ७०० रुपये होते आणि लवाद एकच असेल तर तिच्यात पंचवीस टक्के भर पडून ती सुमारे १ लाख २३ हजारांवर जाते. ती सामान्यतः दोघांत विभागली जाते. वीस लाखांसाठी हे परवडते. तीन-चार लाखांच्या वादासाठी तडजोडीचा विचार आधी करावा, असे माझे मत आहे.

लवादाचे कलम नसेल तर दिवाणी न्यायालय. बांधकाम करारातून निर्माण झालेला तीन लाख किंवा त्याहून अधिक रकमेचा वाद कमर्शियल कोर्ट्स ॲक्ट, २०१५ खाली व्यापारी वाद ठरतो, आणि तातडीचा अंतरिम आदेश मागायचा नसेल तर कलम १२-ए प्रमाणे दाव्याआधी मध्यस्थीचा टप्पा पार करावाच लागतो. ‘पाटील ऑटोमेशन’ या २०२२ च्या निकालानंतर तो टाळलेला दावा फेटाळला जातो. मध्यस्थीचा अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे करतात. तिला तीन महिने आणि संमतीने आणखी दोन महिने मिळतात, हा काळ मुदतीच्या कायद्यातून वगळला जातो, आणि तेथे झालेल्या तडजोडीला लवादाच्या निवाड्याचा दर्जा असतो. बिल सहीनिशी मान्य असेल आणि रक्कम निश्चित असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ खालील समरी, म्हणजे संक्षिप्त सुनावणीच्या, दाव्याविषयी वकिलांना विचारावे.

उद्यम नोंदणी असलेल्या ठेकेदाराला सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योगांसाठीच्या एमएसएमईडी ॲक्ट, २००६ चा मार्ग आकर्षक वाटतो, आणि तो तसा आहेही. जास्तीत जास्त ४५ दिवसांत पैसे, त्यानंतर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने मासिक चक्रवाढ व्याज, आणि या कायद्याखाली वाद ऐकणाऱ्या फॅसिलिटेशन कौन्सिलच्या निवाड्याला आव्हान देण्यासाठी समोरच्याला ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागते. अडचण अशी की माल आणि मजुरी एकत्र असलेले वर्क्स कॉन्ट्रॅक्ट या कायद्यात बसत नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या निकालांत म्हटले गेले आहे. केवळ साहित्य पुरवणाऱ्याने किंवा केवळ सेवा देणाऱ्याने कौन्सिलकडे जरूर जावे; पूर्ण बांधकामाच्या ठेकेदाराने तीन वर्षांची मुदत या एकाच दारात उभे राहून घालवू नये.

उरलेले मार्ग थोडक्यात. मालकाचा चेक वटला नाही तर बँकेचा मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस, १५ दिवसांची वाट आणि त्यानंतर एका महिन्यात तक्रार, हे निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्टच्या कलम १३८ चे वेळापत्रक एका दिवसानेही चुकवू नये. स्वतःसाठी घर बांधून घेणाऱ्याला ठेकेदाराविरुद्ध जिल्हा ग्राहक आयोगाकडे दोन वर्षांच्या आत जाता येते. दिलेला मोबदला ५० लाखांपर्यंत असेल तर ते प्रकरण जिल्हा आयोगाचे. ठेकेदाराला बिलासाठी तो मार्ग नाही. राज्य शासनाविरुद्ध दाव्यापूर्वी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस लागते, आणि त्याआधी माहिती अधिकाराखाली मोजमाप पुस्तक, मुदतवाढीचे प्रस्ताव व त्यांवरील टिपणी यांच्या प्रती मागवाव्यात. फी दहा रुपये, अर्ज १५० शब्दांत आणि एकाच विषयाचा. कार्यकारी अभियंत्याने विलंब आपल्याच खात्यामुळे झाल्याचे त्या टिपणीत लिहिलेले असते, असे मी एकाहून अधिक वेळा पाहिले आहे.

मुदतीचा हिशेब

झालेल्या कामाच्या पैशासाठी सामान्यतः तीन वर्षे मिळतात, आणि पैसे देण्याची तारीख ठरलेली नसेल तर मुदतीच्या कायद्यातील अनुच्छेद १८ नुसार ती काम झाल्यापासून मोजतात. ठेकेदाराने पाठवलेल्या स्मरणपत्रांनी ती वाढत नाही. चर्चा चालू आहेत म्हणूनही वाढत नाही. मालकाने मुदत संपण्यापूर्वी सहीनिशी येणे मान्य केले, किंवा काही रक्कम दिल्याचा लेखी पुरावा असला, तरच ती नव्याने सुरू होते. रिटेन्शनची तारीख निराळी असते, कारण ते दोष निवारणाचा काळ संपल्यावर देय होते.

व्हॉट्सॲप संदेश आणि ई-मेल पुरावा म्हणून द्यायचे असतील तर १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र जोडावे लागते, म्हणून ज्या फोनवर ते संदेश आले तो फोन विकू नये आणि त्यातील संभाषण पुसू नये.

तडजोड झालीच, आणि कोल्हापुरात ती बहुधा कोर्टाच्या आवाराबाहेर, दोघांच्या ओळखीच्या एखाद्या ज्येष्ठ व्यापाऱ्याच्या गादीवर होते, तर ती त्याच बैठकीत लिहून घ्यावी. ठरलेली रक्कम जीएसटीसह की त्याविना, टीडीएस त्यातून कापायचा की वरून, हप्त्यांच्या तारखा व चेकचे क्रमांक, एक हप्ता चुकल्यास मूळ पूर्ण रक्कम देय होईल की नाही, दोष निवारणाची जबाबदारी कोणत्या तारखेपर्यंत राहील, आणि दाखल केलेला दावा पहिला चेक वटल्यावर मागे घ्यायचा की शेवटचा, हे त्यात स्पष्ट असावे. शेवटच्या प्रश्नाचे उत्तर ठेकेदाराने ‘शेवटचा’ असेच लिहून घ्यावे.